पद्म पुरस्कार : कोल्हापूरकरांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

प्रजासत्ताक दिनाच्या आदल्या संध्याकाळी पद्म पुरस्कारांची यादी जाहीर होते आणि लगेच विचारणा सुरू होते : यंदा आपल्या जिल्ह्यातलं कोण? नाव नसलं की हळहळ, चार दिवस चर्चा, मग विषय मागे पडतो. खरं तर हे प्रश्न जानेवारीत विचारून उपयोग नसतो. ते उन्हाळ्यात, अर्ज भरण्याची खिडकी उघडी असताना विचारायचे असतात. ओळखीच्या लोकांचे प्रस्ताव तयार करताना पुन्हा पुन्हा समोर आलेले प्रश्न इथे एकत्र केले आहेत.

पद्म पुरस्कार म्हणजे नेमके कोणते? भारतरत्न त्यातच येतो का?

पद्मविभूषण, पद्मभूषण आणि पद्मश्री हे तीन पद्म पुरस्कार. मान याच क्रमाने उतरता. भारतरत्न या तिन्हींच्या वर आहे आणि त्याची वाट वेगळी आहे. त्यासाठी पंतप्रधान राष्ट्रपतींना शिफारस करतात, कुणा संस्थेच्या किंवा नागरिकाच्या औपचारिक प्रस्तावाची गरज नसते. त्यामुळे आपल्यासारख्यांच्या हातात जे आहे ते पद्म पुरस्कारांपुरतंच आहे, आणि तेही कमी नाही.

हे पुरस्कार कधी सुरू झाले? मध्ये काही वर्षं बंद होते म्हणतात, ते खरं का?

२ जानेवारी १९५४ रोजी राष्ट्रपतींच्या कार्यालयाने भारतरत्न आणि पद्मविभूषण जाहीर केले. त्या वेळी पद्मविभूषणाचेच पहिला वर्ग, दुसरा वर्ग आणि तिसरा वर्ग होते. ८ जानेवारी १९५५ रोजी त्यांना आजची तीन नावं मिळाली.

बंद पडल्याची गोष्टही खरी आहे. १९७७ मध्ये मोरारजी देसाई यांच्या सरकारने ते थांबवले, इंदिरा गांधी परत आल्यावर जानेवारी १९८० मध्ये ते पुन्हा सुरू झाले. दुसरा खंड न्यायालयीन होता. राज्यघटनेच्या अनुच्छेद १८ ने किताब रद्द केले आहेत, मग हे किताब कसे चालतात, असा प्रश्न घेऊन १९९२ मध्ये याचिका दाखल झाल्या. १५ डिसेंबर १९९५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला : हे सन्मान आहेत, किताब नव्हेत. १९९३ ते १९९७ या वर्षांत मात्र एकही पद्म दिला गेला नाही. त्या निकालाची एक अट आजही लागू आहे, ती पुढे फ्लेक्सच्या प्रश्नात येईल.

कोणकोणती क्षेत्रं असतात? मर्दानी खेळाचे वस्ताद, शाहीर, चप्पल बनवणारे कारागीर कुठे बसतात?

कला, समाजकार्य, सार्वजनिक व्यवहार, विज्ञान आणि अभियांत्रिकी, व्यापार आणि उद्योग, वैद्यक, साहित्य आणि शिक्षण, नागरी सेवा, क्रीडा, आणि शेवटी ‘इतर’. या ‘इतर’मध्ये भारतीय संस्कृतीचा प्रसार, मानवी हक्क, वन्यजीव रक्षण अशी कामं येतात.

शाहीर आणि कारागीर कलेत. शेजारच्या सिंधुदुर्गात पिंगुळीच्या परशुराम गंगावणे यांनी कळसूत्री बाहुल्यांची परंपरा जिवंत ठेवली आणि २०२१ मध्ये कला क्षेत्रातूनच त्यांना पद्मश्री मिळाली. कोल्हापुरी चप्पल किंवा कोल्हापुरी साज पिढ्यानपिढ्या घडवणाऱ्या हातांना याहून वेगळा न्याय कशाला? वस्तादांचं थोडं अवघड असतं. तालमीत पोरं घडवली असतील तर क्रीडा, दांडपट्टा आणि लाठीची विद्या जपून पुढच्या पिढीला दिली असेल तर कला किंवा ‘इतर’. एकच क्षेत्र निवडायचं आणि सगळा मजकूर त्याच्याशी जुळवून लिहायचा. वस्तादांनी शेतकरी संघटनेतही काम केलं, भजनी मंडळही चालवलं असं सगळं एकत्र घातलं की वाचणाऱ्याच्या हाती काहीच ठोस लागत नाही.

परदेशात देशाचं प्रतिनिधित्व केलेल्या राजनैतिक अधिकाऱ्यांचं काय?

राजनयाचा वेगळा रकाना नाही. अशी नावं बहुतेक नागरी सेवा किंवा सार्वजनिक व्यवहार या क्षेत्रांतून येतात. माजी परराष्ट्र सचिव श्याम सरन यांना २०११ मध्ये पद्मभूषण आणि एस. जयशंकर यांना २०१९ मध्ये पद्मश्री मिळाली, ती नागरी सेवेसाठी. जयशंकर त्या वेळी सचिवपदावरून निवृत्त झाले होते आणि मंत्री व्हायचे होते.

आपल्या भागाचं या क्षेत्राशी नातं जुनं आहे. औंध संस्थानचे राजपुत्र अप्पासाहेब पंत पूर्व आफ्रिकेत भारताचे प्रतिनिधी होते आणि पद्म पुरस्कारांच्या पहिल्याच वर्षी, १९५४ मध्ये, त्यांना पद्मश्री (तेव्हाचा ‘तिसरा वर्ग’) मिळाली. शिरोळ तालुक्यातल्या अब्दुललाटचे ज्ञानेश्वर मुळे न्यूयॉर्कमध्ये भारताचे महावाणिज्यदूत होते. स्पर्धा परीक्षेची तयारी करणाऱ्या इथल्या मुलांना ही नावं माहीत असायला हवीत.

कोल्हापूरच्या कुणाकुणाला पद्म मिळाला आहे?

पूर्ण यादी इथे देत नाही, पण काही नावं सांगितल्याशिवाय राहवत नाही.

विज्ञानात एकाच घरातले मामा-भाचे आहेत. संख्याशास्त्रज्ञ वसंत शंकर हुजूरबाजार कोल्हापुरात १९१९ साली जन्मले, त्यांना १९७४ मध्ये पद्मभूषण मिळालं. त्यांचे भाचे जयंत नारळीकर, जन्म १९ जुलै १९३८, तोही कोल्हापुरातच. ब्रिटिश खगोलशास्त्रज्ञ फ्रेड हॉईल यांच्यासोबत मांडलेल्या गुरुत्वाकर्षणाच्या सिद्धांताने त्यांचं नाव जगभर झालं आणि १९६५ मध्ये, वयाच्या २६ व्या वर्षी, ते पद्मभूषण झाले. म्हणजे भाच्याला मामाच्या नऊ वर्षं आधी! पुढे २००४ मध्ये नारळीकरांना पद्मविभूषणही मिळालं.

साहित्यात वि. स. खांडेकर यांना १९६८ मध्ये पद्मभूषण, कोवाडचे रणजित देसाई यांना १९७३ मध्ये पद्मश्री. चित्रपटात व्ही. शांताराम, ज्यांनी बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत धडे घेतले आणि १९२९ मध्ये कोल्हापुरातच प्रभातची उभारणी केली. भालजी पेंढारकरांच्या तालमीत घडलेल्या सुलोचनादीदींना १९९९ मध्ये पद्मश्री मिळाली. शिक्षण आणि समाजकार्यासाठी ओळखले जाणारे डॉ. डी. वाय. पाटील १९९१ चे पद्मश्री.

संगीतातला ओघ तर विलक्षण आहे. शाहू महाराजांच्या दरबारात राहिलेले अल्लादिया खाँ १९४६ मध्ये गेले, पुरस्कार सुरू होण्याच्या आधी. पण त्यांच्याकडे शिकलेल्या केसरबाई केरकर १९६९ मध्ये आणि मोगूबाई कुर्डीकर १९७४ मध्ये पद्मभूषण झाल्या. खाँसाहेबांच्या मुलाकडून, भूर्जी खाँ यांच्याकडून, तालीम घेतलेले मल्लिकार्जुन मन्सूर १९९२ मध्ये आणि मोगूबाईंच्या कन्या किशोरी आमोणकर २००२ मध्ये पद्मविभूषण झाल्या. एका दरबाराने एका गवयाला आधार दिला, त्याची फळं देशाने अशी मोजली.

मरणोत्तर पुरस्कार मिळतो का? खाशाबा जाधवांना अजून का नाही?

नियम असा की पद्म सहसा मरणोत्तर दिला जात नाही, मात्र फार मोठ्या योग्यतेच्या बाबतीत विचार होऊ शकतो. व्ही. शांताराम १९९० मध्ये गेले आणि १९९२ मध्ये त्यांना पद्मविभूषण मिळालं. २०२५ च्या यादीतही १३ नावं मरणोत्तर होती. म्हणजे दार बंद नाही.

खाशाबांचा विषय इथे प्रत्येकाच्या जिव्हाळ्याचा. कराडजवळच्या गोळेश्वरचे, पण कॉलेज राजाराम, कुस्ती कोल्हापूरच्या मातीतली. १९५२ च्या हेलसिंकी ऑलिम्पिकमध्ये त्यांनी कांस्यपदक जिंकलं, स्वतंत्र भारताचं ते पहिलं वैयक्तिक पदक. त्यांना पाठवण्यासाठी राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी स्वतःचं घर गहाण ठेवलं होतं. १९८४ मध्ये खाशाबा गेले, तोवर पद्म मिळाला नव्हता. अर्जुन पुरस्कारही मरणोत्तर आला. त्यांच्यासाठीची मागणी न्यायालयापर्यंत गेली आहे आणि ती रास्तच आहे.

पण या उदाहरणातून आपल्यापुरतं घ्यायचं ते एवढंच : माणूस हयात असताना अर्ज भरा. मरणोत्तर मागणीला मोर्चे, निवेदनं, याचिका लागतात. हयात माणसाच्या अर्जाला एक दुपार आणि नीट लिहिलेली दोन पानं पुरतात. बाबूराव पेंटर १६ जानेवारी १९५४ रोजी गेले, पुरस्कारांची घोषणा होऊन जेमतेम दोन आठवडे झाले होते. तिथे कुणाचाच इलाज नव्हता. आज मात्र उशीर झाला तर तो आपला असतो.

नाव कोण सुचवू शकतं? आमदार-खासदारांचं पत्र लागतं का?

कुणीही. तुम्ही, तुमचे शेजारी, शिष्य, शाळेतले माजी विद्यार्थी. स्वतःचं नाव स्वतः सुचवायलाही परवानगी आहे. राज्य सरकारं, केंद्रीय मंत्रालयं, लोकप्रतिनिधी, आधीचे भारतरत्न आणि पद्मविभूषण मानकरी यांच्याकडूनही नावं जातात, पण सामान्य नागरिकाच्या अर्जाला त्यांच्या पत्राची अट नाही. ‘आपली कुठे ओळख आहे’ म्हणून कितीतरी जण अर्जाकडे वळतच नाहीत. ओळखीची गरज नाही.

अर्ज कुठे आणि कधी भरायचा? जिल्हाधिकारी कार्यालयात दिला तर चालेल का?

अर्ज केंद्र सरकारच्या राष्ट्रीय पुरस्कार पोर्टलवर ऑनलाइनच भरायचा. आधी नोंदणी, मग क्षेत्र, व्यक्तीची माहिती आणि कार्याचं वर्णन. पोर्टल इंग्रजी आणि हिंदीत आहे. मराठीत विचार करून लिहा आणि मग भाषांतर जाणकाराकडून तपासून घ्या, नाहीतर ‘शाहिरी पोवाडा’चं भलतंच काहीतरी होतं.

मुदत दरवर्षी पाहावी लागते. पूर्वी १ मे ते १५ सप्टेंबर असायची. २०२६ च्या पुरस्कारांसाठी १५ मार्च २०२५ पासून ३१ जुलै २०२५ पर्यंत अर्ज मागवले होते. मार्च उजाडला की पोर्टल बघायची सवय लावून घ्या.

राज्य शासनही आपल्या शिफारशी पाठवतं आणि त्यासाठी जिल्ह्यांकडून प्रस्ताव मागवले जातात, म्हणून नागाळा पार्कातल्या जिल्हाधिकारी कार्यालयात चौकशी करून ठेवणं चांगलं. पण त्यावर विसंबून पोर्टलवरचा अर्ज टाळू नका.

कार्याच्या वर्णनात काय लिहायचं? शब्दमर्यादा किती?

८०० शब्द. आणि सगळी मेहनत इथेच करायची असते.

आपल्याकडे गौरवपर लिहायची एक ठरावीक रीत आहे. ‘बहुआयामी व्यक्तिमत्त्व’, ‘समाजभूषण’, ‘आधारवड’. सत्कार समारंभाच्या मानपत्रात हे शोभतं. निवड समितीसमोर देशभरातून हजारो अर्ज असतात, त्यात हे शब्द प्रत्येकाच्या अर्जात सापडतात. समितीला कळायला हवं की या माणसाने काय केलं जे दुसऱ्या कुणी केलं नाही आणि त्याने कुणाचं आयुष्य बदललं.

समजा, एक वस्ताद चाळीस वर्षं मुलामुलींना मर्दानी खेळ शिकवताहेत. तर पहिल्याच परिच्छेदात सांगा : शिकवायला कधी सुरुवात केली, कोणत्या पेठेत, फी घेतली का, मुलींना कधीपासून घेतलं, आजवर किती जण शिकले, त्यातल्या किती जणांनी पुढे स्वतःचे वर्ग सुरू केले. विस्मरणात चाललेला एखादा डाव किंवा शस्त्राचा प्रकार त्यांनी जुन्या वस्तादांकडून शिकून वाचवला असेल तर तो नावानिशी लिहा. आकडे खरे असू द्या. हजेरीची वही असेल तर तिच्यावरून मोजा. ‘हजारो विद्यार्थी’ लिहिण्यापेक्षा ‘वहीत नोंद असलेले ६४० विद्यार्थी’ हे शंभर पटींनी वजनदार आहे.

मग पुरावे. वर्तमानपत्रांची कात्रणं तारीख दिसेल अशी ठेवा. देवल क्लब या संगीतसंस्थेच्या एखाद्या जुन्या मैफलीची पत्रिका, विद्यापीठाचं पत्र, शासनाचं प्रमाणपत्र, संशोधकाने त्या कामावर लिहिलेला लेख, जे असेल ते. घरातल्या लोखंडी ट्रंकेत अशी कागदपत्रं असतात आणि घरच्यांना त्यांचं मोल ठाऊक नसतं. २०१९ आणि २०२१ च्या महापुरात शहरातल्या आणि नदीकाठच्या गावांतल्या कित्येक घरांत ट्रंकाच पाण्यात गेल्या. म्हणून अर्ज भरायचा असो वा नसो, वयस्कर कलावंतांच्या घरची कागदपत्रं आजच मोबाईलवर स्कॅन करून दोन-तीन ठिकाणी जपून ठेवा, ही कळकळीची विनंती.

शेवटी, त्या माणसाकडून ऐका. एक-दोन संध्याकाळी बसून बोलतं करा. मोठी माणसं स्वतःबद्दल बोलत नाहीत, गुरूबद्दल बोलतात. त्या बोलण्यातच त्यांचं काम सापडतं.

ज्यांचं नाव सुचवतोय त्यांना आधी सांगावं का?

आमचं मत : सांगा. माहिती खरी राहते आणि त्यांच्या मनाविरुद्ध काही होत नाही. पण ‘यंदा नक्की’ असं चुकूनही म्हणू नका. ऐंशी वर्षांच्या माणसाला दर जानेवारीत टीव्हीसमोर बसवणं बरं नाही.

अर्ज गेल्यावर पुढे काय होतं?

पंतप्रधान दरवर्षी पद्म पुरस्कार समिती नेमतात. कॅबिनेट सचिव तिचे अध्यक्ष असतात. गृहसचिव, राष्ट्रपतींचे सचिव आणि चार ते सहा नामवंत व्यक्ती सदस्य असतात. समितीच्या शिफारशी पंतप्रधान आणि राष्ट्रपतींकडे जातात. निवडीपूर्वी संबंधित यंत्रणांकडून व्यक्तीच्या पूर्वेतिहासाची पडताळणी होते. यादी जाहीर झाल्यावर पुढे राष्ट्रपती भवनात, सहसा मार्च-एप्रिलमध्ये, राष्ट्रपतींच्या हस्ते सन्मान होतो.

एका वर्षात किती पुरस्कार देतात? १२० ची मर्यादा आहे म्हणतात, मग २०२५ मध्ये १३९ कसे?

मर्यादा १२० चीच आहे, पण तिच्यात मरणोत्तर पुरस्कार आणि परदेशी किंवा अनिवासी भारतीयांना दिलेले पुरस्कार धरत नाहीत. २०२५ मध्ये ७ पद्मविभूषण, १९ पद्मभूषण आणि ११३ पद्मश्री होते. त्यात १३ मरणोत्तर आणि १० परदेशी व अनिवासी गटातले होते. ते वगळले की संख्या १२० च्या आत येते.

नोकरीत असलेल्यांना मिळतो का?

सरकारी आणि सार्वजनिक उपक्रमांतले कर्मचारी सेवेत असताना पात्र नाहीत. डॉक्टर आणि शास्त्रज्ञ याला अपवाद. बाकीच्यांसाठी निवृत्तीपर्यंत थांबा, तोवर कागद गोळा करा.

आमच्या तालमीला किंवा मंडळाला मिळू शकतो का?

नाही. पद्म व्यक्तीला दिला जातो, संस्थेला नाही. पण मंडळ आपल्या वस्तादांचा अर्ज मात्र भरू शकतं. गणेशोत्सवाच्या बैठका सुरू होतात तेव्हाच दोन पोरांवर हे काम सोपवा.

सोबत पैसे, पेन्शन, रेल्वेचा पास असं काही मिळतं का?

केंद्राकडून यातलं काही नाही. राष्ट्रपतींच्या सहीची सनद आणि पदक मिळतं. पद्मश्रीच्या पदकावर कमळ आणि त्याच्या वर-खाली देवनागरीत ‘पद्म’ आणि ‘श्री’. समारंभात लावण्यासाठी पदकाची छोटी प्रतिकृतीही देतात. वृद्ध कलावंताची आर्थिक ओढाताण असेल तर राज्य शासनाच्या कलावंत मानधन योजनेचा अर्ज वेगळा भरा. पद्मच्या आशेवर तो लांबवू नका.

नावाच्या आधी ‘पद्मश्री’ लिहिता येतं का? फ्लेक्सवर?

नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानुसार हा सन्मान नावाच्या आधी किंवा नंतर पदवीसारखा लावता येत नाही. लेटरहेड, निमंत्रणपत्रिका, पोस्टर, पुस्तक, कुठेच नाही. गैरवापर झाला तर पुरस्कार परत घेतला जाऊ शकतो. आपल्या शहरात अभिनंदनाचा फलक लागल्याशिवाय आनंद पुरा होत नाही हे मान्य, पण ‘पद्मश्री अमुक’ असं छापून त्या माणसाला अडचणीत आणू नका. ‘अमुक यांना पद्मश्री मिळाल्याबद्दल अभिनंदन’ असा मजकूर छापला की प्रश्न मिटला.

अर्जुन, दादासाहेब फाळके, महाराष्ट्र भूषण, राजर्षी शाहू पुरस्कार हे सगळं एकच का?

सगळे वेगळे. अर्जुन क्रीडा मंत्रालयाचा. आपल्या तेजस्विनी सावंत आणि पॅरिसमध्ये कांस्यपदक जिंकणारे कांबळवाडीचे स्वप्नील कुसाळे हे अर्जुनचे मानकरी. फाळके पुरस्कार चित्रपटांसाठी, भालजींना तो मिळाला होता. महाराष्ट्र भूषण राज्य शासनाचा. राजर्षी शाहू पुरस्कार २६ जूनला कोल्हापुरात दिला जातो. यातला एखादा आधी मिळालेला असेल तर अर्जात जरूर लिहा, पण तो नसल्याने पद्मला अडत नाही.

आधी पद्मश्री मिळालेल्यांना वरचा पुरस्कार मिळू शकतो का?

हो. सहसा मध्ये किमान पाच वर्षं जावी लागतात. अपवादात्मक बाबतीत ही अट शिथिल होते.

पुरस्कार नाकारता किंवा परत करता येतो का?

लोकांनी नाकारलेही आहेत आणि परतही केले आहेत. नर्मदेच्या प्रश्नावर बाबा आमटे यांनी आपले पद्म सन्मान परत केले होते. ज्याचा त्याचा विवेक.

दोनदा अर्ज भरला, नाव आलं नाही. पुन्हा भरावा का?

भरा. मधल्या काळात झालेलं नवं काम घाला, नवी कात्रणं जोडा, वर्णन पुन्हा वाचून ढिलं वाटलं तर घट्ट करा. तोच मजकूर जसाच्या तसा चिकटवू नका.

अर्ज ‘पुढे सरकवण्यासाठी’ कुणी पैसे मागितले तर?

एक रुपयाही देऊ नका. पोर्टलवर अर्ज भरायला शुल्क नाही. सनदेचा खर्च, दिल्लीतली ओळख, पडताळणीची फी असल्या नावांनी फोन आला तर तो फसवणुकीचा समजा आणि सायबर गुन्ह्यांसाठीच्या १९३० या क्रमांकावर कळवा. वयस्कर कलावंतांच्या घरी हे आधीच सांगून ठेवा, कारण असे फोन त्यांनाच येतात.